लातिनोविचचे हात

झोल्तान लातिनोविचबद्दल काहीही वाचायला घ्या, पहिल्या दोन-तीन ओळींत रेल्वेगाडी येतेच. ४ जून १९७६. हंगेरीतल्या बालातोन सरोवराच्या दक्षिण काठानं जाणारा लोहमार्ग, काठावरचं बालातोनसेमेश हे गाव, आणि चव्वेचाळीस वर्षांचा, देशातला सगळ्यात नावाजलेला नट. अपघात की आत्महत्या, हा वाद तिकडे अजून मिटलेला नाही. त्यात भर म्हणजे याच मार्गावर, तिथून काही किलोमीटरवरच्या बालातोनसार्सो स्टेशनात ३ डिसेंबर १९३७ रोजी अतिला योझेफ हा थोर कवी मालगाडीखाली गेला होता. तोही अपघात होता की आणखी काही, यावर विद्वानांचं एकमत नाही. लातिनोविच या अतिला योझेफच्या कविता म्हणण्यासाठीही प्रसिद्ध होता. एवढं सगळं आयतं जुळून आल्यावर दंतकथा तयार व्हायला वेळ लागत नाही. लोकांनी त्याला ‘नटांचा राजा’ करून टाकलं आणि राजाचं मरण हेच त्याचं मुख्य नाटक होऊन बसलं.

मला ही दंतकथा आवडत नाही. स्वतःच्याच आगीत जळालेला वेडा प्रतिभावंत, हे एकदा म्हटलं की पुढे बघायचं काही उरत नाही. त्यानं काम कसं केलं, हा प्रश्नच निकालात निघतो. आग होती म्हणे, विषय संपला. मी मात्र त्याचे सिनेमे जेवढे बघत गेलो तेवढा मला त्याच्यात एक मिस्त्री दिसत गेला. मोजूनमापून काम करणारा, हत्यार कुठं ठेवलंय हे न बघताही माहीत असलेला. भाषेचं अक्षर कळत नसल्याचा हा एक फायदा असावा. वाक्यं सबटायटलवर सोडून देता येतात आणि नजर सरळ हातांकडे जाते.

या माणसाचे हात खरोखरच कामाला लागलेले होते.

पण जन्म अगदी वेगळ्या घरातला. ९ सप्टेंबर १९३१, बुडापेस्ट. आई कातालिन गुंडेल. गुंडेल हे आडनाव हंगेरीत उच्चारलं की आजही जेवणाचं टेबल डोळ्यांपुढे येतं. पणजोबा यानोश गुंडेल मोठे हॉटेलवाले. काल्मान मिक्सात या लेखकासाठी त्यांनी मटण, घेवड्याच्या शेंगा आणि आंबट साय घालून एक सूप बनवलं, ते आजही तिथल्या मेन्यूकार्डांवर असतं. त्यांचे चिरंजीव कारोय यांनी १९१० साली बुडापेस्टच्या मोठ्या बागेतलं, प्राणिसंग्रहालयाला लागून असलेलं रेस्टॉरंट चालवायला घेतलं आणि त्याचं नाव युरोपभर केलं. अक्रोड, मनुका आणि रम घातलेलं, वरून चॉकलेट ओतलेलं गुंडेल पॅनकेक त्यांच्याच नावानं ओळखलं जातं. हे कारोय म्हणजे झोल्तानचे आईकडचे आजोबा. वडील जमीनदार घराण्यातले. आईवडिलांचा काडीमोड झोल्तान लहान असतानाच झाला. आईनं इश्तवान फ्रेनराइस नावाच्या डॉक्टरशी लग्न केलं आणि झोल्तानला दोन सावत्र भाऊ मिळाले. तेही काही साधेसुधे निघाले नाहीत. इश्तवान बुय्तोर पुढे लोकप्रिय नट झाला, शिडाच्या होड्यांच्या शर्यतीतला पट्टीचा खेळाडूही. धाकटा कारोय रॉक संगीतात गेला आणि त्याचा बँड गाजला. एका आईची तीन मुलं आणि तिघंही लोकांसमोर उभी राहणारी. बालातोनसेमेश हे या कुटुंबाचं उन्हाळी सुट्यांचं गाव. म्हणजे ज्या रुळांवर त्याचा शेवट झाला, त्या रुळांवरून जाणाऱ्या गाड्या त्यानं लहानपणापासून बघितल्या होत्या.

युद्ध संपलं आणि चक्र फिरलं. १९४९ साली गुंडेल रेस्टॉरंट सरकारजमा झालं. नव्या कम्युनिस्ट राजवटीत माणसाची पारख घराण्यावरून व्हायची आणि जमीनदार अधिक हॉटेलमालक असं रक्त असलेल्या मुलाला कॉलेजात सहजी कोण घेणार? शाळा संपवून झोल्तान सुतारकाम शिकला, मग पूलबांधणीच्या कामावर लागला. तेव्हा बुडापेस्टात पुलांच्या कामाला तोटा नव्हता. १९४५ च्या जानेवारीत माघार घेणाऱ्या जर्मन फौजांनी शहरातले डॅन्यूबवरचे पूल उडवून दिले होते. पुढे त्याला तंत्र विद्यापीठात वास्तुशास्त्राला प्रवेश मिळाला आणि १९५६ साली तो रीतसर वास्तुविशारद झाला. त्याच वर्षी २२ ऑक्टोबरला त्याच विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी सोळा मागण्यांचं पत्रक काढलं आणि दुसऱ्या दिवशी क्रांतीचा भडका उडाला. झोल्तान मात्र हातात पदवी घेऊन इमारती बांधायला गेलाच नाही. तो देशाच्या पूर्वेकडच्या देब्रेत्सेन शहरातल्या नाटक कंपनीत नट म्हणून दाखल झाला होता.

हंगेरीत नट व्हायचं तर बुडापेस्टच्या नाट्य अकादमीतून यायचं, हा राजमार्ग. हा त्या दारातून आलेलाच नाही. थोडंफार शिक्षण खासगी शिकवण्यांतून, बाकीचं रंगमंचावर. पुढे आयुष्यभर त्याचं नाट्यसंस्थांशी जमलं नाही, याचं मूळ काही जण इथं शोधतात. मला त्यापेक्षा दुसरी गोष्ट महत्त्वाची वाटते. वास्तुविशारदाला कागदावरची रेघ बघून तिथं उभी राहणारी भिंत दिसावी लागते. लातिनोविच फ्रेममध्ये कुठं उभा राहतो, दारापासून किती अंतरावर थांबतो, वळताना आधी खांदा वळवतो की मान, हे बघितलं की त्या विद्यापीठातली वर्षं वाया गेली नाहीत याची खात्री पटते. मिक्लोश यांचोसारख्या दिग्दर्शकाकडे तर हे सोन्यासारखं उपयोगी पडलं असणार. त्याचा कॅमेरा उघड्या माळरानावर माणसांभोवती लांबच लांब फिरत राहतो. चुकीच्या जागी उभा राहिलेला नट तिथं लपूच शकत नाही.

देब्रेत्सेन, मग मिश्कोल्त्स, पुन्हा देब्रेत्सेन. छोट्या शहरांतल्या कंपन्यांत नटाला पडेल ती भूमिका करावी लागते. मिश्कोल्त्समध्ये १९६० साली एव्हा रुत्काई पाहुणी कलाकार म्हणून आली. ती बुडापेस्टच्या वीगसीन्हाझ थिएटरची लाडकी नायिका, बालपणापासून रंगमंचावर वावरलेली, त्याच्याहून चार वर्षांनी मोठी. मिक्लोश गाबोर या तितक्याच नामांकित नटाबरोबर तिचा संसार झाला होता. ती आणि लातिनोविच एकत्र आले ते त्याच्या मरणापर्यंत. १९६२ मध्ये तोही वीगसीन्हाझमध्ये आला आणि १९६३ मध्ये दोघांनी रोमिओ आणि ज्युलिएट केलं. तिशी ओलांडलेला रोमिओ आणि पस्तिशीची ज्युलिएट. वयाचा हिशेब मांडणारे तिथंही असतीलच, पण हे नाटक त्या थिएटरच्या आठवणींतलं मानाचं पान झालं. नाटकाचं दुर्दैव असं की पान आठवणींतच राहतं. मला ते बघता येणार नाही. म्हणून सिनेमांकडे वळतो.

माझ्या एका मित्राला पूर्व युरोपातल्या सिनेमांचं वेड आहे. त्यानं लातिनोविचची ओळख करून दिली ती ‘थंडीचे दिवस’ या अर्थाचं नाव असलेल्या १९६६ च्या कृष्णधवल सिनेमातून. दिग्दर्शक आंद्राश कोवाच. कथा खऱ्या घटनेवरची. जानेवारी १९४२ मध्ये हंगेरीच्या फौजांनी नोवी साद आणि आसपासच्या गावांत सर्ब आणि ज्यू नागरिकांची कत्तल केली. तीन हजारांहून अधिक माणसं मारली. गोठलेल्या डॅन्यूबच्या बर्फाला भोकं पाडून त्यात प्रेतं ढकलली. सिनेमा सुरू होतो तो चार वर्षांनंतर एका तुरुंगाच्या कोठडीत. खटल्याची वाट बघणारे चार जण आपापली आठवण सांगतात आणि प्रत्येकाचं म्हणणं एकच, माझा काही दोष नाही. लातिनोविच त्यातला मेजर ब्यूकी. याच्या डोक्यात कत्तल नाहीच. याला एकच ठसठस आहे, की त्या दिवसांत आपली बायको कुठं नाहीशी झाली. ती कशीतरी सुटली असेल अशी काहीतरी आशा तो धरून बसलेला असतो. कोठडीतला एक साधा शिपाई नदीकाठी आपण काय काय बघितलं ते आपल्या संथ गावंढळ लयीत सांगत जातो आणि त्या बोलण्यातून हळूहळू मेजरला कळतं की त्या बर्फाखाली गेलेल्यांत आपली बायकोही होती. मग तो त्या शिपायावर तुटून पडतो.

त्या काळच्या हंगेरीत हा सिनेमा बनला हेच धाडस. फॅसिस्ट कुठले तरी परके होते आणि आपण भोळे, अशी सोयीची समजूत सगळीकडेच असते. इथं देशाच्या आवडत्या नटाला मेजरचा गणवेश घालून उभं केलं होतं. लातिनोविचनं मेजरला खलनायक केलं नाही. बायकोवर जीव असलेला, शिस्तीचा, बऱ्यापैकी सभ्य माणूस त्यानं उभा केला आणि हाच माणूस हजारोंच्या मरणाकडे पाठ करून बसलेला असतो. प्रेक्षकाला त्याची दया येते आणि दया येताच स्वतःचा राग येतो.

त्याच वर्षी यांचोचा ‘सेगेन्यलेगेन्येक’ आला. १८४८ च्या फसलेल्या उठावातले उरलेसुरले बंडखोर, त्यांना एका माळावरच्या तळात डांबून एकमेकांविरुद्ध फोडणारे अधिकारी. यात लातिनोविचची भूमिका फार मोठी नाही. सिनेमा जगभर गाजला तो यांचोच्या नावावर आणि ते योग्यही आहे. इथंच पुढे जातो, कारण ज्याच्यासाठी मी हा लेख लिहायला घेतला तो मेजर अजून यायचा आहे.

मेजरच म्हणायचं, कारण सगळे त्याला तसंच म्हणतात. इश्तवान ओर्केनी या लेखकाचं ‘तोतेक’, म्हणजे तोत कुटुंब, हे नाटक १९६७ साली बुडापेस्टच्या थालिया थिएटरमध्ये आलं. त्यात मेजर लातिनोविच. दोन वर्षांनी झोल्तान फाब्रीनं त्यावर सिनेमा केला, त्यातही मेजर तोच. गोष्ट अशी. दुसरं महायुद्ध चालू आहे. डोंगरातल्या एका खेड्यात तोत नावाचा अग्निशमन दलाचा प्रमुख बायको आणि मुलीबरोबर सुखानं राहतो. मुलगा रशियन आघाडीवर. मुलाचं पत्र येतं, की आमचे मेजरसाहेब विश्रांतीसाठी येताहेत, त्यांना आपल्याकडे ठेवून घ्या, त्यांची मर्जी राखली तर माझं भलं होईल. मेजर येतो. त्याचे ज्ञानतंतू पार खलास झालेले. पार्टिझन म्हणजे गनिमी लढवय्यांच्या हल्ल्यांच्या भीतीनं त्याला झोप नाही, आवाज सहन होत नाही, वास सहन होत नाही. आई-बाप पोरासाठी सगळं सोसतात. तोत उंचापुरा आणि मेजर ठेंगणा असल्यामुळे तोतची नजर मेजरच्या खांद्यावरून मागे जाते आणि मेजरला वाटतं आपल्या मागे कुणीतरी आहे. तोडगा म्हणून तोतला शिरस्त्राण डोळ्यांवर ओढून वावरायला लावतात. आपल्याच घरात, आपल्याच बायकोसमोर. ज्यासाठी हे सगळं चाललंय तो मुलगा केव्हाच मेलेला असतो. पण गावातला अर्धवट पोस्टमन लाडक्या माणसांना वाईट बातमी द्यायची नाही म्हणून ती तार लपवून ठेवतो. प्रेक्षकाला हे पहिल्यापासून माहीत असतं, तोत कुटुंबाला नाही.

रात्री मेजरला झोप येत नाही. घरातल्या मायलेकी फावल्या वेळात औषधाच्या बँडेजसाठी पुठ्ठ्याच्या डब्या घडवण्याचं काम करत असतात. मेजर ते बघतो आणि त्यात त्याचं मन रमतं. मग ठरतं, रोज रात्री सगळ्यांनी मिळून डब्या घडवायच्या. रात्रभर. झोपायचं नाही, जांभई द्यायची नाही. पुठ्ठा कापायचं यंत्र लहान पडतं म्हणून तोतकडून मोठं करून घेतात.

आता लातिनोविचचे हात बघा. पहिल्यांदा पुठ्ठा हातात घेताना बोटं थरथरतात, थरथरणारी बोटं कडेला लागतात, कड दुमडते, आणि पुठ्ठा दुमडला की बोटांचा कंप थांबतो. औषध लागू पडावं तसा. चेहरा लहान पोरासारखा उजळतो. पुढच्या रात्री तेच हात सराईत झालेले असतात आणि सराईतपणाबरोबर त्यांना अधिकार आलेला असतो. आता ते दुसऱ्याची वाकडी डबी उचलून दाखवतात. एका माणसाच्या दुखण्याचा सगळ्या घरावर कायदा कसा होतो, हे भाषणाशिवाय, पुठ्ठ्याच्या चार घड्यांतून उलगडतं. मेजर कुणाला मारत नाही, मोठ्यानं धमकावतही नाही फारसा. तो कृतज्ञ असतो! हेच भयंकर आहे. त्याला खरोखर वाटतं की आपण या माणसांना रिकामपणातून वाचवतोय. बुडापेस्टच्या प्रेक्षकांना हसताना नेमकं कोण आठवत असेल, हे १९६७ साली कुणी लिहून सांगायची गरज नव्हती. नाटकात सगळं युद्धकाळातलं होतं, त्यामुळे सेन्सॉरच्या हातीही काही लागत नव्हतं.

अखेर सुटी संपते, मेजर जातो. घर झोपतं. आणि मेजर परत येतो. पार्टिझननी पूल उडवल्यामुळे गाडी नाही, आणखी तीन दिवस मिळाले. तो आनंदानं डब्या घडवायला बसतो. तोत त्याला यंत्र बघायला मागच्या अंगणात घेऊन जातो, थोड्या वेळानं एकटाच येऊन अंथरुणावर पडतो. बायको विचारते, तीन तुकडे केलेत का हो? तो म्हणतो, नाही, चार. सारखे चार.

तोतची भूमिका इमरे शिंकोवित्शनं केली आहे. भला थोरला, अवघडलेला माणूस. लातिनोविच शेजारी असूनही तो कुठं कमी पडत नाही, हे मुद्दाम सांगतो. कारण ‘नटांचा राजा’ म्हणण्याच्या नादात दुसऱ्याचं काम झाकलं जातं. मेजर एवढा चढतो तो समोर न बोलता सोसणारा तोत आहे म्हणूनच.

१९७० मध्ये त्यानं फ्रिज्येश कारिंथी या विनोदी लेखकाची भूमिका केली. कारिंथीला १९३६ साली मेंदूत गाठ निघाली, स्टॉकहोमला शस्त्रक्रिया झाली आणि त्यानं त्या अनुभवावर पुस्तक लिहिलं. सिनेमा त्याच पुस्तकावरचा. सान सेबास्तियानच्या महोत्सवात लातिनोविचला उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. मला हा सिनेमा जरा विस्कळीत वाटतो, खरं सांगायचं तर.

आणि मग १९७१ चा ‘सिंदबाद’. ज्युला क्रूदीच्या कथांवरून झोल्तान हुसारिकनं केलेला. क्रूदीचा सिंदबाद समुद्रावर जात नाही. हा जुन्या हंगेरीतला उतारवयाचा रंगेल गडी, ज्या बायकांवर प्रेम केलं आणि ज्यांना सोडून दिलं त्यांच्याकडे पुन्हा पुन्हा फिरणारा. सिनेमात सलग गोष्ट शोधायला जाऊ नये. सुरुवातीला फुलं, निखारे, पाण्यावरचे तेलाचे थेंब अशी चित्रं डोळ्यांपुढून जातात, मग थंडीतून एक घोडागाडी सिंदबादला घेऊन दारोदार जाते आणि एकही बाई त्याला घरात घेत नाही. शांदोर शाराचा कॅमेरा असा, की पडद्यावरून हात फिरवावासा वाटतो.

यातला जेवणाचा प्रसंग हंगेरीत फार प्रसिद्ध आहे. सिंदबाद खाणावळीत बसलेला, शेजारी वेटर. टेबलावर वाफाळती नळी येते. आपल्याकडे मटणाच्या रश्श्यातली नळी ताटावर ठोकून आतला गर काढतात, अगदी तसंच. तो रुमालात नळी धरतो, ठोकतो, गर भाजलेल्या पावावर थरथरत उतरतो, वर मीठ पडतं. ही सगळी क्रिया एखाद्या विधीसारखी चाललेली, आणि त्या वेळी वेटर आपली कर्मकहाणी सांगतोय, बायको सोडून गेल्याची. सिंदबादचे कान त्याच्याकडे अर्धेच आहेत. जीभ आणि बोटं आपल्या कामात गुंतलेली. मधूनच तो सहानुभूतीचा एखादा शब्द टाकतो आणि पुढचा घास घेतो. दुसऱ्याच्या दुःखाला तोंडी लावून जेवणारा माणूस, आणि तरी त्याचा तिटकारा येत नाही. तो जेवतोही शेवटचं जेवण असल्यासारखा. चवीनं खाण्याचा अभिनय करणारे नट पुष्कळ असतात. ते डोळे मिटतात, मान हलवतात. लातिनोविच यातलं काहीच करत नाही. तो फक्त नीट जेवतो. मला इथं कारोय गुंडेलचा नातू दिसतो. नळी कशी धरायची, पाव किती भाजलेला हवा, वेटरशी कुठल्या पट्टीत बोलायचं, हे कुणी सेटवर शिकवून येत नाही. ज्या टेबलांवर तो लहानपणी वाढला, ती टेबलं सरकारनं काढून घेतली होती. क्रूदी स्वतः खाणावळींतच आयुष्य काढलेला लेखक, त्याच्या लिखाणात गुंडेल घराण्याचा उल्लेखही येतो. हे धागे जुळवून हुसारिकनं त्याला घेतलं असेल की केवळ चेहऱ्यासाठी, माझा कौल पहिल्याला.

हा सिनेमा झाला आणि तो राजधानी सोडून वेस्प्रेम या छोट्या शहरातल्या थिएटरला गेला. १९७१ ते ७६, शेवटपर्यंत तिथंच नोंद. बुडापेस्टात एका थिएटरातून दुसऱ्यात, पुन्हा पहिल्यात, असं त्याचं चाललं होतं. त्याला दिग्दर्शन करायचं होतं, ते करायला राजधानीत वाव मिळेना. वेस्प्रेममध्ये त्यानं लास्लो नेमेतचं नाटक बसवलं, गॉर्कीचं बसवलं. १९७३ मध्ये त्याचं रंगभूमीवरचं पुस्तक आलं, ‘केदसुरकालो’. धुक्यात काठी खुपसत वाट काढणारा, असं काहीसं. त्यात तो नाट्यसंस्थांवर, समीक्षकांवर, आळशी तालमींवर तुटून पडला. त्या वेळचं सांस्कृतिक धोरण ज्यॉर्जी आत्सेल नावाच्या पुढाऱ्याच्या हाती होतं आणि त्याचे तीन कप्पे सगळ्यांना तोंडपाठ होते: पाठिंबा द्यायचे, चालवून घ्यायचे, बंदी घालायचे. लातिनोविच चालवून घेण्यातला. पुरस्कार मिळत, सिनेमे मिळत, पण हा माणूस डोकेदुखी आहे हे दोन्ही बाजूंना माहीत असे.

आणि तो डोकेदुखी होताच, हेही कबूल करावं. सहकाऱ्यांशी भांडणं, तालमीतून निघून जाणं, आजाराचे चढउतार. त्याला मानसिक आजार होता, उपचार चालू होते. या आजाराला ‘प्रतिभेची किंमत’ म्हणणाऱ्यांचा मला राग येतो. आजार हा आजार असतो. त्यानं काम केलं ते आजार असूनही केलं. मेजरच्या बोटांचा कंप आजारातून आलेला नाही. तो तालमीतून आलाय, म्हणून तर नाटकाच्या प्रयोगागणिक आणि पुन्हा दोन वर्षांनी कॅमेऱ्यासमोर तो हवा तेव्हा सुरू होतो आणि हवा तेव्हा थांबतो.

त्याच्या कवितावाचनाच्या ध्वनिमुद्रिका मिळतात. एन्द्रे आदी, अतिला योझेफ. मी त्या भाषा न समजता ऐकल्या आहेत. आदीच्या कवितांत तो कधीकधी फार चढतो, आवाजाला पल्लेदारपणा येतो, आणि माझ्यासारख्याला तो जरा जुन्या वळणाचा वाटतो. अतिला योझेफ म्हणताना मात्र तो आवाज खाली आणतो. शब्द एकेक करून ठेवतो. घाई नाही, आर्जव नाही. जवळ बसून समजावून सांगितल्यासारखं.

हाच आवाज पुन्हा भेटतो तो त्याच्या अखेरच्या सिनेमांपैकी एकात, ‘पाचवी मुद्रा’मध्ये. दिग्दर्शक पुन्हा फाब्री. १९४४ चं बुडापेस्ट, फॅसिस्ट अ‍ॅरो क्रॉस पक्षाचं राज्य. दारूच्या गुत्त्यात रोज गप्पा मारणारे चार-पाच मित्र, घड्याळजी, सुतार, पुस्तकविक्या, गुत्तेवाला. त्यांच्यात एका संध्याकाळी वाद निघतो: पुन्हा जन्म मिळाला तर मनाला टोचणी न लागणारा जुलमी राजा व्हायचं, की छळ सोसणारा पण निर्मळ गुलाम? कुणीतरी चुगली करतो आणि सगळ्यांना उचलून नेतात. सुटका हवी असेल तर एकच अट. क्रुसावर टांगल्यासारखा बांधलेला, मरायला टेकलेला एक माणूस आहे, त्याच्या दोन थोबाडीत मारायच्या. घड्याळजीच्या घरी लपवलेली मुलं असतात. तो एकटाच मारतो आणि बाहेर पडतो.

ही अट ठरवणारा साध्या कपड्यातला अधिकारी म्हणजे लातिनोविच. या भूमिकेला नाव नाही. तो हाताखालच्या तरुणाला शिकवत असतो, की माणसाला मारून टाकण्यात अर्थ नाही, त्याला स्वतःचीच किळस येईल असं काहीतरी करायला लावायचं आणि सोडून द्यायचं, मग तो जन्मात डोकं वर काढत नाही. कवितेसाठी वापरलेली सगळी समजूत, शब्द ठेवण्याची सगळी रीत तो इथं या शिकवणीला लावतो. गणवेश नाही, आरडाओरडा नाही, हात बहुतेक वेळ स्वस्थ. सिनेमा ऑक्टोबर १९७६ मध्ये प्रदर्शित झाला, तो गेल्याला तेव्हा चार महिने झाले होते. पुढच्या वर्षी मॉस्कोच्या महोत्सवात या सिनेमाला सुवर्ण पारितोषिक मिळालं. तिथल्या परीक्षकांनी तो साध्या कपड्यातला माणूस बघून नेमकं काय ओळखलं असेल, याचं मला अजूनही कुतूहल आहे.